बरोबरच्या चिन्हापुढे

किसुमूत, मासळीबाजाराच्या वरच्या मजल्यावर
आमचा वर्ग भरतो. खिडकीतून सुकत्या ओमेनाचा वास
आणि जनरेटर चालेल तेवढाच उजेड.
मी अपोंदी. अठरा मुलांना शिकवते
यंत्राला बोलतं करायला.

त्या शुक्रवारी वीज जायची वेळ झाली होती.
नमुना प्रकल्प एवढासाच:
कोळ्याने विचारावं, आज सरोवरावर वारा कसा,
आणि उत्तर यावं लुओ भाषेत.
चालतंय का बघू, म्हणून मी माझी किल्ली
सरळ ओळ सातमध्ये लिहिली,
अवतरणचिन्हांच्या मध्ये, उघडीवाघडी,
आणि घाईत सगळं पाठवून दिलं
जिथे कुणीही येऊन वाचू शकतं.

ही किल्ली लोखंडाची नव्हे, तिला दाते नाहीत.
एक्कावन्न अक्षरांची निरर्थक माळ.
ज्याच्या हाती ती, तो मी.
चेहरा कुणी विचारत नाही.

शनिवारी पहाटे फोन थरथरला.
पाचशे शिलिंग. मग नऊशे.
मग मी मोजणं सोडलं.
कुठल्याशा खोलीत झोप नसलेलं काहीतरी
रात्रभर उघड्या ओळी हुंगत फिरतं,
त्याला माझी ओळ सापडायला
अकरा मिनिटं पुरली.

ओतुओमाने आधीच पाहिलं होतं.
मागच्या बाकावरचा,
ज्याला मी दोनदा म्हटलं होतं, लक्ष कुठे आहे तुझं.
त्याचा निरोप रात्रीच येऊन पडलेला:
बाई, ओळ सात. हे तुमचं आहे का?

मी ओळ पुसली. वाटलं, सुटले.
तो म्हणाला, बाई, जुन्या आवृत्त्यांत ती आहेच की.
आणि खिडकीबाहेर बघत राहिला, जलपर्णीकडे.
त्याच्या बापाने काठ साफ केला होता गेल्या वर्षी,
होड्या निघाल्या,
पंधरा दिवसांत खाडी पुन्हा हिरवी.

वरून कापलेलं कापलेलं नसतं.
किल्लीच मारावी लागते.
मारली. एक बटण, रद्द,
आणि जगातल्या सगळ्या चोरांच्या मुठीत
एकाच क्षणी एक्कावन्न अक्षरांचा कचरा.

सोमवारी मी फळ्यावर आधी माझं बिल लिहिलं.
एकतीस हजार चारशे.
कुणी हसलं नाही, याचंच जास्त वाईट वाटलं.
अवुओर म्हणाली, मग किल्ली ठेवायची कुठे?
झाकली मूठ सव्वा लाखाची, मी म्हटलं,
पण मूठ झाकायची कशी, ते मीही नुकतंच शिकत होते.

वेगळी फाइल करा, नावाआधी टिंब.
टिंब असलं की ती यादीत दिसत नाही.
न दिसणं म्हणजे सुरक्षित असणं नव्हे,
म्हणून तिचं नाव त्या दुसऱ्या यादीत घाला,
बाहेर न न्यायच्या गोष्टींच्या,
जसा प्रत्येक घरात एक काका असतो
पाहुण्यांसमोर न आणायचा.
(इथे मात्र सगळे हसले.)
खर्चाला कुंपण घाला.
आणि दोन प्रकल्पांना एक किल्ली कधीच नको.

मग नमुना फाइल. ती सगळ्यांना द्यायची.
तिच्यात किल्लीचं नाव, बरोबरचं चिन्ह,
आणि पुढे काहीच नाही.

इतकी वर्षं मला कोरी जागा म्हणजे
राहून गेलेलं काम वाटायचं.
आता पलीकडच्या काठावर, म्वांझाला,
कुणी हा प्रकल्प उतरवून घेईल,
त्या जागेत स्वतःची किल्ली भरेल,
आणि माझं काहीही हाती न लागता
त्याला आजचा वारा कळेल.

संध्याकाळी घरी आले, सवयीने कुंडी उचलली,
आणि तशीच उभी राहिले, हातात कुंडी.
शेजारच्या फेलगोनाला विचारलं,
तुला माहीत होतं, इथे असते ते?
ती कपडे वाळत घालत होती.
म्हणाली, अगं, गल्लीत कुणाला माहीत नाही?